गोदामात सापडलेली अनोळखी मारधाडपटाची प्रिंट: ती ओळखायची कशी आणि वाचवायची कशी

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा. नागपुरात वडिलांची चित्रपट वितरणाची जुनी कचेरी रिकामी करताना पत्र्याच्या दोन पेट्या निघाल्या. त्यांत ३५ मिलिमीटर फिल्मचे १४ डबे आहेत. पहिलं रीळ नसल्यामुळे चित्रपटाचं नाव कळत नाही. पट्टी उजेडासमोर धरली तर दोन भाऊ दिसतात, एक पोलिसाच्या वर्दीत, दुसरा तस्करांच्या अड्ड्यावर, आणि पांढऱ्या साडीतली आई. काही डब्यांना आंबट वास येतो. डब्यांना ऊन दाखवावं का, ओळखीच्या ऑपरेटरकडून एकदा मशीनवर चालवून बघावं का, आणि चित्रपट यूट्यूबवर टाकता येईल का, असे तीन प्रश्न आहेत.

तिन्हींचं उत्तर नाही असंच आहे, पण प्रत्येकाचं कारण निराळं आहे.

कुबट वास आला की वस्तू उन्हात टाकायची ही आपली सवय गाद्यांना आणि धान्याला ठीक. फिल्म म्हणजे प्लास्टिकच्या पट्टीवर जिलेटिनचा पातळ थर आणि त्या थरात रंगद्रव्यं. ऊन लागलं की जिलेटिन सुकून आखडतं, पट्टी पिळवटते आणि एकावर एक वेढे चिकटतात. ज्या रासायनिक क्रियेमुळे आंबट वास येतो, ती क्रियाही उष्णतेने झपाट्याने वाढते. मे महिन्यात गच्चीवर ठेवलेला पत्र्याचा डबा आतून सहज साठ अंशांच्या घरात जातो. वर्षानुवर्षं गोदामात तग धरलेलं रीळ तिथे एका दुपारीत हातचं जाऊ शकतं.

मशीनवर चालवण्याचा मोह समजण्यासारखा आहे. पण जुनी फिल्म लांबीत आकसलेली असते आणि प्रोजेक्टरच्या दात्यांमधलं अंतर मात्र ठरलेलं असतं. दाते फिल्मच्या काठावरच्या भोकांत नीट बसले नाहीत की कडा फाटत जातात, आणि सेकंदाला २४ चौकटींच्या (फ्रेमच्या) वेगाने मशीन थांबवेपर्यंत कित्येक मीटर पट्टीची चाळण होते. यूट्यूबचा प्रश्न हक्कांचा आहे, त्याकडे शेवटी येऊ.

आधी या प्रिंटचं मोल नेमकं कशात आहे ते. सत्तर-ऐंशीच्या दशकांत अनेक छोटे निर्माते कंपनी काढून एक-दोन चित्रपट करत आणि व्यवसायातून बाहेर पडत. ज्यावरून प्रिंट काढतात ती मूळ निगेटिव्ह मुंबईच्या किंवा मद्रासच्या लॅबमध्ये पडून राही, भाडं थकत असे, पुढे लॅबच बंद होई. वितरकाचे हक्क ठरावीक वर्षांचे असत. मुदत संपली की प्रिंट परत करायची किंवा मोडीत काढायची. मोडीत गेलेल्या प्रिंटमधून चांदी आणि प्लास्टिक काढलं जाई. त्यामुळे एखाद्या विसरलेल्या मारधाडपटाची निगेटिव्ह आज कुठेच नसणं आणि एका सर्किटची, म्हणजे वितरणाच्या एका विभागाची, घासलेली प्रिंट तेवढी उरणं अगदी शक्य आहे. इंटरनेटवर चित्रपट सापडला तरी प्रिंटचं मोल कमी होत नाही. ती नक्कल बहुधा टीव्हीसाठी किंवा व्हिडिओ कॅसेटसाठी केलेली असते. सिनेमास्कोपची, म्हणजे उंचीच्या २.३५ पट रुंद, चौकट जुन्या टीव्हीच्या १.३३ पट रुंद चौकटीत बसवताना चित्राचा जवळजवळ ४३ टक्के भाग कापला जातो. हाणामारीच्या प्रसंगात हीरो एका कडेला आणि गुंड दुसऱ्या कडेला असतील, तर त्या नकलेत दोघांपैकी एकच उरतो.

म्हणून या डब्यांकडे मूळ दस्तऐवज म्हणूनच पाहायला हवं. आधी नोंद करायची, मगच हात लावायचा, हा क्रम मोडायचा नाही. पेट्या आणि डबे सापडले तसेच, त्याच क्रमाने, सगळ्या बाजूंनी फोटोत घ्या. डब्यावरच्या चिठ्ठ्या, खडूचे आकडे, रेल्वे पार्सलची लेबलं, आतले कागद यांतलं काहीही फेकू नका. गंजलेल्या डब्यावर 'आर-७' एवढंच लिहिलेलं असलं तरी ते पुढे कामी येतं.

साहित्य फार लागत नाही. स्वच्छ टेबल, हाताने फिरवायचा रिवाइंडर (ऑपरेटर मंडळींकडे अजून मिळतो), एलईडी लाइट पॅड, दहापट मोठं दाखवणारं भिंग, मिलिमीटरची लांब पट्टी, नायट्राइलचे हातमोजे आणि एन-९५ मास्क. सुती मोजे वापरू नका, त्यांचे धागे फाटक्या भोकांत अडकतात. खोलीत पंखा बंद आणि खिडकी उघडी. आंबट वासाच्या रिळांमधून ॲसेटिक आम्लाची वाफ येते, डोळे चुरचुरतात. सलग तासभर त्यावर वाकून बसू नये.

फिल्म कोणत्या जातीची आहे ते आधी पाहा. काठावर 'सेफ्टी' हा शब्द छापलेला असेल तर ती ज्वालाग्राही नायट्रेट नाही. १९५१-५२ नंतर नायट्रेट फिल्म बनणं जवळजवळ थांबलं, तेव्हा रंगीत मारधाडपटाबाबत चिंता नाही. पण त्याच गोदामात आणखी जुने कृष्णधवल डबे असतील तर ते बाजूला काढा आणि उघडण्याआधी जाणकाराला विचारा. नायट्रेट पेटलं तर पाण्याखालीही जळत राहतं. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा नायट्रेट साठा अशाच आगीत गेला. आता ॲसिटेट आणि पॉलिएस्टर या सेफ्टी फिल्मच्या दोन प्रकारांतला फरक: गुंडाळलेलं रीळ दिव्यासमोर धरून बाजूने पाहा. पॉलिएस्टरच्या कडेतून उजेड झिरपतो, ॲसिटेट अपारदर्शक दिसतं. सत्तर-ऐंशीच्या दशकातली हिंदी प्रिंट बहुतेक ॲसिटेटवरच असते, आणि आंबट वासाचा रोग ॲसिटेटचाच.

काठावरची छपाई हा ओळखीचा पहिला धागा. ईस्टमन, ओर्वो, फुजी, गेवा असं कंपनीचं नाव मिळेल. पूर्व जर्मनीची ओर्वो फिल्म त्या काळात हिंदी चित्रपटांत बरीच वापरली गेली, तेव्हा ते नाव दिसलं तर नवल नाही. इथे एक बारकावा लक्षात ठेवा. पॉझिटिव्ह प्रिंटवर पारदर्शक काठावरची काळी अक्षरं त्या पट्टीची स्वतःची असतात, आणि काळ्या काठावरची पांढरी अक्षरं निगेटिव्हवरून उतरलेली असतात. दोन्ही वेगवेगळी लिहून घ्या. कोडॅकच्या (म्हणजे ईस्टमन नावाच्या) पट्टीवर त्रिकोण, चौकोन, वर्तुळ अशा खुणांनी फिल्म बनल्याचं वर्ष दिलेलं असतं, पण त्या खुणा २० वर्षांनी पुन्हा येतात आणि त्या चित्रपटाचं नव्हे तर कोऱ्या फिल्मचं वर्ष सांगतात. निगेटिव्हची खूण जुनी आणि प्रिंटची बरीच नवी असेल तर ही नंतर काढलेली प्रिंट आहे.

पहिलं रीळ गेलं म्हणजे नावाबरोबर सेन्सॉरचं प्रमाणपत्रही गेलं, कारण ते चित्रपटाच्या आधीच येतं. तरी एकदा सगळ्या रिळांची तोंडं तपासा. बूथमध्ये रिळं जोडून दोन-दोन हजार फुटांची मोठी रिळं केली जात आणि परत सोडवताना तुकडे भलत्याच डब्यात जात. प्रमाणपत्राच्या चार-पाच चौकटी जरी मिळाल्या तरी घबाड समजा. त्यावर नाव, क्रमांक, तारीख, रिळांची संख्या आणि मीटरमध्ये लांबी असते. त्रिकोणाची खूण असेल तर कात्री लागलेली आहे, आणि काय कापलं ते दुसऱ्या पानावर दिलेलं असतं. 'यूए' हा वर्ग जून १९८३ पासूनचा, आणि मंडळाच्या नावात 'सेन्सॉर' जाऊन 'प्रमाणन' आलं तेही तेव्हाच. एवढ्यावरूनही काळ निम्म्यावर येतो.

प्रमाणपत्र नाहीच मिळालं तर चित्रातल्या वस्तूंकडे वळा. पाठलागाच्या प्रसंगात रस्त्यावर मारुती ८०० दिसली तर चित्रीकरण डिसेंबर १९८३ नंतरचं. गाडीच्या पाटीवर 'एमएच' आणि लगेच आकडा असेल तर १९८९ नंतरचं, कारण राज्यवार नवे क्रमांक तेव्हा लागू झाले. भिंतीवर दुसऱ्या चित्रपटाचं पोस्टर, दुकानात टांगलेली दिनदर्शिका, हातातलं वर्तमानपत्र दिसलं की लगेच भिंगाखाली घ्या. खलनायकाच्या टोळीतले चेहरेही साक्षीदार असतात. मारधाड दिग्दर्शक एम. बी. शेट्टी पडद्यावर टक्कल केलेला गुंड म्हणून दिसत आणि त्यांचं निधन १९८२ च्या सुरुवातीला झालं. ते दिसले तर त्यांचं चित्रीकरण त्याआधीचं, चित्रपट मात्र थोडा नंतर आलेला असू शकतो. चेहरे ओळखता आले नाहीत तर लाइट पॅडवर चौकट ठेवून मोबाइलने फोटो घ्या. माणसं उंच आणि बारीक दिसत असतील तर चित्रपट सिनेमास्कोपमध्ये आहे. फोटो आडवा दुप्पट ताणला की चेहरा सरळ होतो.

वर्षांचा पट्टा आणि दोन-तीन नटांची नावं हाती आली की कागद शोधा. हरमंदिर सिंह 'हमराज़' यांच्या हिंदी फिल्म गीत कोशाचे खंड १९३१ ते १९८० या काळातले चित्रपट वर्षवार देतात. सी. पी. बेरार सर्किटमधल्या प्रदर्शनाचा माग मात्र नागपुरातच लागतो. विदर्भ, महाकोशल आणि छत्तीसगड हा या सर्किटचा मुलूख. वितरकांच्या कचेऱ्या नागपूर, अमरावती, भुसावळमध्ये. त्यांची संघटना, सेंट्रल सर्किट सिने असोसिएशन, भुसावळची. वडिलांच्या कचेरीतली पत्रं, हिशेबाच्या वह्या आणि थिएटरांशी झालेले करार चाळले तर चित्रपटाचं नाव तिथेच निघण्याची शक्यता सगळ्यांत जास्त. 'हितवाद', 'नवभारत', 'तरुण भारत', 'लोकमत' यांच्या जुन्या अंकांत शुक्रवारच्या जाहिराती बघा. पण जाहिरात पहिल्या प्रदर्शनाची आहे की मॉर्निंग शोला पुन्हा लागलेल्या जुन्या चित्रपटाची, हे पडताळा. मारधाडपट वर्षानुवर्षं मॉर्निंग शोला फिरत आणि त्यावरून वर्ष ठरवलं तर दहा वर्षांची चूक सहज होते.

आता रिळांचा क्रम. डब्यावरच्या आकड्यावर भिस्त ठेवू नका, डबे बदलतात. रिळाच्या तोंडाला आणि शेपटीला जी पट्टी असते तिच्यावर नाव किंवा आकडा लिहिलेला किंवा कोरलेला असतो, तो जास्त भरवशाचा. तोही नसेल तर गोष्टच क्रम सांगते, आणि गुन्हेगारी व कुटुंबनिष्ठेच्या चित्रपटात हे काम इतर प्रकारांपेक्षा सोपं जातं, कारण या गोष्टींची वेशभूषा कथानकाबरोबर पक्की बदलत जाते. आई रंगीत साडीत आणि कुंकू लावलेली आहे तोवर वडील जिवंत. पांढरी साडी आली की खून झालेला. मुलं लहान असलेली रिळं आधीची, पण फ्लॅशबॅकपासून सावध राहा: बालपणाच्या चौकटींना वेगळा रंग दिलेला असेल किंवा त्या मोठेपणीच्या दोन दृश्यांच्या मध्ये येत असतील तर ते रीळ पुढचं. पोलिस भावाच्या खांद्याकडे बघा. उपनिरीक्षकाला दोन चांदण्या आणि लाल-निळी फीत, निरीक्षकाला तीन चांदण्या. बढती झाली असेल तर क्रम लागला. तस्कर भावाच्या अंगावरचे कपडे गरिबीतून सुटाबुटाकडे जातात. जखमेची पट्टी, तुटलेला हात, गळ्यातलं लॉकेट कुणाकडे आहे, हे सगळं रीळवार लिहून काढा. लॉकेट, तावीज, अर्धं फाटलेलं छायाचित्र या वस्तू अशा चित्रपटांत भावांची ओळख पटवण्यासाठीच असतात, त्यामुळे एका हातातून दुसऱ्या हातात गेल्याची जागा म्हणजे कथेचा सांधा. मध्यंतराची पाटी साधारण निम्म्या रिळांवर येते आणि बहुतेकदा भावाला भावाचं खरं रूप कळतं तिथेच. शेवटचं रीळ कारखान्यातल्या, बंदरावरच्या किंवा गोदामातल्या हाणामारीवरून आणि मिठीवरून ओळखू येतं.

क्रम लागला की किती हरवलंय ते मोजा. फुटेज मोजायचं यंत्र नसेल तर व्यासावरून लांबी निघते. बाहेरच्या त्रिज्येचा वर्ग वजा आतल्या गाभ्याच्या त्रिज्येचा वर्ग, गुणिले ३.१४, भागिले फिल्मची जाडी. जाडी ०.१५ मिलिमीटर धरा. उदाहरणार्थ, बाहेरचा व्यास २५ सेंटिमीटर आणि गाभा ५ सेंटिमीटर असेल तर त्रिज्या १२५ आणि २५ मिलिमीटर; त्यांचे वर्ग १५,६२५ वजा ६२५ म्हणजे १५,०००, त्याला ३.१४ ने गुणून ०.१५ ने भागलं की ३,१४,००० मिलिमीटर, म्हणजे ३१४ मीटर. मिनिटाला २७.४ मीटर फिल्म जाते, तेव्हा हे साडेअकरा मिनिटांचं रीळ झालं. प्रमाणपत्रावर समजा ४,१०० मीटर आहेत आणि तुमच्या रिळांची बेरीज ३,७०० भरली, तर जवळजवळ पंधरा मिनिटं नाहीत. त्यातलं पहिलं रीळच अकरा मिनिटांचं असेल तर बाकीचा तुटवडा चार मिनिटांचा, आणि तो जोडांमध्ये शोधायचा.

जोडांकडे बारकाईने पाहा, कारण या प्रिंटचा इतिहास तिथेच आहे. फिल्म तुटली की ऑपरेटर दोन-तीन चौकटी काढून फिल्म-सिमेंट नावाच्या गोंदाने जोड देई. पुढे चिकटपट्टी आली. चार खेळ वेळेत बसवायला काही थिएटरं गाणी कापत, आणि आवडत्या चौकटी कुणी आठवण म्हणून काढून नेत. त्यामुळे सगळ्यांत नामी मारामारी आणि गाणी यांनाच जास्त कात्री लागलेली असते. याउलट, रंग किंवा दाण्यांचा पोत वेगळा असलेला, चित्रपटाशी संबंध नसलेला तुकडा मध्येच जोडलेला आढळला तर तोही काढू नका. प्रमाणपत्र मिळाल्यावर चित्रपटात घुसडलेला भाग बेकायदा असतो, पण इथे तो प्रिंट कुठून कशी फिरली याचा पुरावा आहे. नोंदीत तसं लिहा आणि पुढे जा. आवाज तपासताना एक ध्यानात ठेवा: आवाजाची पट्टी त्याच चौकटीशेजारी नसते, सुमारे वीस चौकटी पुढे छापलेली असते. म्हणून जोडाजवळ चित्र आधी उडी मारतं आणि आवाजाचा झटका पाऊण सेकंदानंतर बसतो. जोड नीटनेटका करण्याच्या नादात चौकटी छाटल्या तर संवादाचे शब्द भलत्याच ठिकाणचे जातात. नवा जोड द्यायचाच तर फिल्मसाठीची पॉलिएस्टर टेप वापरा. दुकानातला साधा सेलोटेप नको. त्याचा गोंद नागपूरच्या उन्हाळ्यात वितळून शेजारच्या दोन-तीन वेढ्यांवर पसरतो.

प्रत्येक रिळासाठी एक पान करा: क्रमांक, फिल्मची कंपनी, लांबी, जोडांची संख्या, फाटकी भोकं, ओरखडे चकाकत्या बाजूला की चित्राच्या बाजूला, रंगाची अवस्था, वास, पहिली आणि शेवटची चौकट काय. रिवाइंडर हळू फिरवा आणि कडा दोन बोटांत हलकेच धरा, फाटलेली जागा बोटालाच कळते. एका रिळाला निदान अर्धा तास द्या. सगळं लालसर-गुलाबी दिसत असेल तर निळसर रंगद्रव्य उडालेलं आहे. ते फिल्ममध्ये परत येत नाही, स्कॅननंतर संगणकावर थोडंफार सावरता येतं.

आकसणं मोजायची सोपी रीत आहे. प्रिंटवर दोन भोकांमधलं अंतर ४.७५ मिलिमीटर असतं, म्हणजे १०० भोकांचं ४७५ मिलिमीटर. पट्टी सपाट ठेवून १०० अंतरं मोजा. ४७१ च्या आसपास आलं तर आकसणं ०.८ टक्क्यावर गेलं, हे रीळ प्रोजेक्टरवर चढवायचं नाही. ४७० म्हणजे एक टक्क्याच्या वर. आता दात्यांशिवाय चालणारा स्कॅनरच हवा. रिळाच्या तोंडाला, मध्ये आणि शेवटी अशा तीन जागी मोजा, कारण बाहेरचे वेढे जास्त आकसतात.

आंबट वासाला नाकावर सोडू नका, नाक दहा मिनिटांत सरावतं. अमेरिकेतल्या रॉचेस्टरच्या इमेज परमनन्स इन्स्टिट्यूटच्या ए-डी पट्ट्या मिळतात. त्या २४ तास बंद डब्यात ठेवल्या की आम्लाप्रमाणे निळ्याच्या हिरव्या आणि मग पिवळ्या होतात. पातळी १.५ ला पोचली की क्रिया स्वतःच स्वतःला वेग देते आणि तिथून ऱ्हास फार झपाट्याने होतो. अशी रिळं आधी स्कॅनला जायला हवीत, चित्रपटातला प्रसंग महत्त्वाचा असो की नसो. ती आजच बाकीच्यांपासून वेगळ्या खोलीत हलवा, कारण आम्लाची वाफ शेजारच्या निरोगी रिळालाही लागते. गंजलेले लोखंडी डबे बदला, गंज या क्रियेला मदत करतो. हवा खेळती राहील असे पॉलिप्रोपिलिनचे डबे सगळ्यांत बरे. कुणीतरी मायेने डांबरगोळ्या किंवा कापूर टाकून ठेवलेला असेल तर काढून टाका. बुरशी दिसली तर पाणी किंवा ओलं फडकं लावायचं नाही. बुरशीने खाल्लेलं जिलेटिन पाण्यात विरघळतं आणि चित्र फडक्यावर येतं. उघड्या हवेत, मास्क लावून, मऊ कोरड्या ब्रशने वरवर झटका, बाकीचं लॅबवर सोडा. चिकटून वडी झालेलं रीळ ओढून सोडवू नका.

नागपूरच्या घरात हे सगळं ठेवायचं कुठे? इथल्या हवेत शत्रू दोन आणि ते वेगवेगळ्या महिन्यांत येतात. एप्रिल-मेमध्ये पारा ४५ च्या पुढे पण हवा कोरडी, जून ते सप्टेंबर तापमान उतरतं पण दमटपणा ८० टक्क्यांवर. वरच्या मजल्यावरची किंवा पत्र्याखालची खोली बाद. तळमजल्यावरची, बाहेरच्या भिंतीला न लागलेली आतली खोली निवडा. त्या खोलीत कुलर अजिबात नको. कुलर पाण्यावरून हवा ओढतो, खोली गार वाटते, पण दमटपणा ७०-८० टक्क्यांवर जातो आणि बुरशीला नेमकं तेच हवं असतं. नागपुरात फिल्म, जुने फोटो आणि कागद कुलरमुळे जितके खराब होतात तितके कशानेच होत नसतील. एसी असेल तर २० ते २२ अंशांवर, पावसाळ्यात सोबत डीह्युमिडिफायर, आणि भिंतीवर स्वस्तातला डिजिटल आर्द्रतामापक. दमटपणा ३० ते ५० टक्के राहू द्या. एसी दिवसा चालू आणि रात्री बंद ठेवण्यापेक्षा कायम २५ अंश बरे. रोजचा चढउतार जिलेटिनला ताणतो. डबे आडवे, एकावर एक चार-पाचपेक्षा जास्त नाहीत, जमिनीपासून वीत-दीड वीत वर.

जास्त आंबलेली दोन-तीन रिळं स्कॅन होईपर्यंत फ्रीजरमध्ये ठेवता येतात आणि त्याने ऱ्हास जवळजवळ थांबतो. त्यासाठी फेब्रुवारी-मार्चची कोरडी हवा चांगली: रीळ काही दिवस सावलीत, कोरड्या खोलीत ठेवा, मग डबा टेपने बंद करून एकात एक दोन झिप पिशव्यांत, हवा काढून, दोन्हींच्या मध्ये आर्द्रता दाखवणारं कार्ड घालून ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी २४ तास उघडायची नाही, नाहीतर थंड फिल्मवर दव धरतं.

पुढचा टप्पा संग्रहालयाचा. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासूनचं, आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झालेलं. मुंबईत चित्रपट जतन करणारी फिल्म हेरिटेज फाउंडेशन ही संस्था आहे. पत्रासोबत तुमची रीळवार पानं आणि चौकटींचे फोटो पाठवा. 'जुना हिंदी सिनेमा सापडला आहे' एवढ्या ओळीपेक्षा 'ॲसिटेट, सिनेमास्कोप, रीळ २ ते १५, आकसणं ०.६ ते १.१ टक्के, तीन रिळं ए-डी पातळी २' या ओळीवर निर्णय लवकर होतो.

स्कॅन खाजगी ठिकाणी करणार असाल तर दात्यांशिवाय चालणारा स्कॅनर आहे का, ओरखड्यांसाठी ओल्या गेटची (फिल्म द्रवातून नेऊन ओरखडे झाकण्याची) सोय आहे का आणि चौकट भोकांसकट पूर्ण रुंदीची घेतात का, हे तीन प्रश्न विचारा. प्रिंटमधला उजेड-अंधाराचा फरक (कॉन्ट्रास्ट) निगेटिव्हपेक्षा तीव्र असतो. रात्रीच्या मारामारीत काळ्या भागातला तपशील साध्या स्कॅनमध्ये बुडतो, म्हणून एका चौकटीचे दोन उजेडांत स्कॅन घेणारं यंत्र असेल तर उत्तम. साठवणीचा अंदाज: २के, १० बिट डीपीएक्समध्ये (प्रत्येक चौकटीची वेगळी फाइल ठेवणारा प्रकार) एक चौकट सुमारे १२.७ मेगाबाइट. अडीच तासांच्या २,१६,००० चौकटी म्हणजे पावणेतीन टेराबाइट, आणि ४केला अकरा टेराबाइट. हरवलेल्या जागी संगणकाने बनवलेल्या चौकटी भरू नयेत; तिथे काळी पाटी टाकून किती सेकंद नाहीत ते लिहावं.

हक्क. प्रिंट तुमच्या ताब्यात आहे, चित्रपट तुमचा नाही. वितरणाचा करार संपला तेव्हाच दाखवण्याचा अधिकार संपला. चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९८२ मध्ये आलेला चित्रपट २०४२ अखेरपर्यंत संरक्षित आहे, निर्माता सापडो वा न सापडो. गाण्यांचे हक्क बहुतेकदा ध्वनिमुद्रिका कंपनीकडे वेगळे असतात. म्हणून यूट्यूब नाही. तपासणीसाठी घेतलेल्या दोन-चार चौकटी जाणकारांना दाखवून नाव विचारणं ही वेगळी गोष्ट आहे, ते जरूर करा.

संग्रहालयाने होकार दिला की रिळं नोव्हेंबर ते फेब्रुवारीत पाठवा. हजार फुटांचं एक रीळ डब्यासह अडीच-तीन किलोचं, म्हणजे १४ रिळं चाळीसेक किलो भरतील. रेल्वेच्या पार्सल डब्यापेक्षा रात्री निघणाऱ्या गाडीने, कुणीतरी सोबत असताना नेणं बरं. आंबट रिळं वेगळ्या खोक्यात, डबे आडवे, मधल्या फटींत कोरं कागदी भरण. वर्तमानपत्राची शाई लागते. पोच घेताना प्रत्येक रिळाची लांबी आणि अवस्था त्यात लिहून घ्या, ठेव आहे की देणगी हे स्पष्ट करा, आणि स्कॅन झाल्यास अभ्यासासाठी एक प्रत तुमच्या कुटुंबाला पाहायला मिळेल अशी अट सहीच्या आधी घाला. वडिलांच्या वह्या आणि करारांच्या छायाप्रतीही त्याच खोक्यातून द्या. नाव निश्चित करणारा कागद आणि रिळं एकाच नोंदीखाली राहायला हवीत.